एक आण्याची ट्राम आणि आपलं हाफ तिकीट



आज आम्ही मुंबईच्या ट्रामची गोष्ट सांगणार आहोत. तुम्ही म्हणाल, संग्रामपूर तालुक्यात बसून मुंबईच्या ट्रामचं काय करायचं? आपल्याला रेल्वे पकडायची तर शेगाव नाहीतर नांदुरा गाठावं लागतं, आणि ट्राम तर आमच्यातल्या कुणी डोळ्यांनी पाहिलेलीही नाही. एक आजी सोडून. गोष्ट त्यांच्यापासूनच निघाली.

मागच्या महिन्यात गटाची बैठक होती. हप्ते जमा झाले, वही मिटली, आणि बोलणं आलं हाफ तिकिटावर. १७ मार्च २०२३ पासून एसटीत बायांना अर्धं तिकीट झालं, तेव्हापासून आमच्यातल्या कितीतरी जणी बाजाराला, दवाखान्याला, माहेराला जास्त वेळा जातात. पण चहाच्या टपरीवर बसणारे म्हणतात, बायांच्या हाफ तिकिटानं एसटीचं दिवाळं निघेल. आमच्यातली एक जण म्हणाली, "खरंच असं होते का? आपण स्वस्तात फिरतो, म्हणून गाडी बंद पडली तर?" कुणालाच नीट उत्तर देता येईना. तेव्हा कोपऱ्यात बसलेल्या आजी बोलल्या, "मुंबईले एका आण्यात पुरी टराम फिरे बाप्पा. माहा बाप मले घेऊन दादरपासून पार बोरीबंदरपर्यंत ने. एक आणा!"

आजींनी पंचाहत्तरी ओलांडली आहे. एसटीत त्यांना आता तिकीटच लागत नाही. त्यांचे वडील मुंबईला कापसाच्या गोदामात हमालीला होते, आजींचं लहानपण परळला गेलं आणि लग्न होऊन त्या इकडे आल्या. एक आण्यात गाडी कशी परवडत होती, तिचा खर्च कोण भरत होतं आणि ती बंद का पडली, हे आम्ही शोधायला बसलो. गटाच्या बाया असल्यामुळे आम्हाला इतिहास जमा-खर्चासारखा वाचायची सवय आहे. आज तसाच सांगतो.

तर पहिली नोंद कापसाचीच आहे. अमेरिकेत १८६१ ते १८६५ या काळात आपसातलं मोठं युद्ध झालं. तिथला कापूस विलायतेच्या गिरण्यांना मिळेना, म्हणून इकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. वऱ्हाडातला कापूस मुंबईला जाऊ लागला आणि मुंबईच्या व्यापाऱ्यांच्या घरात पैशाचा पूर आला. त्याच भरात १८६५ मध्ये एका अमेरिकन कंपनीने मुंबईत घोड्यांची ट्राम चालवायचा परवाना मिळवला. पण तेवढ्यात युद्ध संपलं, कापसाचा भाव कोसळला, पेढ्या बुडाल्या आणि ट्राम कागदावरच राहिली. कापसाचा भाव पडला की काय होतं ते आपल्याला वेगळं सांगायला नको. आपल्या घरात लेकीचं लग्न पुढं जातं, मुंबईत ट्राम पुढं गेली.

पुढे नवी कंपनी निघाली आणि ९ मे १८७४ रोजी ट्राम सुरू झाली. एक मार्ग कुलाब्यापासून क्रॉफर्ड मार्केटवरून पायधुणीला, दुसरा बोरीबंदरपासून काळबादेवीवरून पायधुणीला. रस्त्यात रूळ गाडलेले, त्यावर डबा आणि तो ओढायला घोडे. बैलगाडीपेक्षा रुळावरची गाडी ओढायला हलकी जाते, कारण चाक मातीत रुतत नाही. तेवढ्याच घोड्यांना जास्त माणसं ओढता येतात, हा त्यातला सगळा फायदा.

सुरुवातीला भाडं होतं तीन आणे, आणि तिकीट द्यायची पद्धतच नव्हती. कंडक्टरला पैसे द्यायचे की झालं. मग फुकटे वाढले, म्हणून त्याच वर्षी तिकिटं छापावी लागली. आम्ही हे वाचलं तेव्हा आमच्या सचिवताई जोरात हसल्या. बिना पावतीचा व्यवहार चालत नाही, हे त्या आम्हाला दर बैठकीत सांगतात. लवकरच भाडं तीन आण्यांवरून दोन आण्यांवर आलं. तीन आणे ही कष्टकरी माणसासाठी मोठी रक्कम होती, तो पायीच जाई. भाडं उतरलं की पायी जाणारा गाडीत चढतो आणि गाडी भरून जाते, हे कंपनीला कळलं होतं.

आता खर्चाची बाजू बघू. सुरुवातीला २० गाड्या होत्या आणि २०० घोडे. म्हणजे एका गाडीमागे दहा घोडे! एवढे कशाला? तर घोडा दमतो. थोडं अंतर ओढलं की त्याला सोडायचं, दुसरी जोडी जुंपायची. शिवाय घोडा सुटीच्या दिवशीही खातो. त्याला चंदी लागते, पाणी लागतं, नाल लागते, तबेला लागतो, शेण काढणारा माणूस लागतो, आजारी पडला तर वैद्य लागतो. ज्यांच्या दारात बैलजोडी आहे त्यांना हा हिशेब बोटावर येतो. घोड्यांची ट्राम बंद झाली तेव्हा, म्हणजे १९०५ मध्ये, कंपनीकडे १,३६० घोडे होते. शहर वाढलं, प्रवासी वाढले, पण दर नव्या गाडीमागे तबेला वाढत होता. अशा धंद्यात भाडं आणखी खाली आणता येत नाही.

तोवर जगात विजेवर गाडी चालू लागली होती. जर्मनीत बर्लिन शहराशेजारच्या लिश्टरफेल्ड इथे १८८१ मध्ये सीमेन्सने विजेची ट्राम चालवली, ती या जातीची पहिली मानतात. आपल्या देशात मद्रासने पहिला नंबर लावला, १८९५ मध्ये. कलकत्त्यात १९०२ मध्ये आली. मुंबई मागेच राहिली. खरं तर १८८२ मध्येच क्रॉफर्ड मार्केटमध्ये विजेचे दिवे लागले होते. पण दिवे लावणारी कंपनी वर्षभरात बुडाली आणि मार्केट पुन्हा गॅसच्या दिव्यावर आलं. एकदा तोंड भाजलं की ताकही फुंकून पितात, तसं मुंबईचं झालं असावं. ट्राम कंपनीने १८९९ मध्ये महापालिकेकडे विजेच्या गाडीसाठी अर्ज केला. त्यावर करार व्हायला १९०५ चा ऑगस्ट उजाडला. मग जुन्या कंपनीची मालमत्ता नव्या कंपनीने ९८ लाख ५० हजार रुपयांना विकत घेतली. नव्या कंपनीचं नाव 'बॉम्बे इलेक्ट्रिक सप्लाय अँड ट्रामवेज'. इंग्रजीतली आद्याक्षरं जुळवली की होतं 'बेस्ट'. मुंबईच्या लाल बसवर अजून हेच नाव आहे.

नावात दोन कामं आहेत, तिकडे लक्ष द्या. वीज पुरवायची आणि ट्राम चालवायची. कंपनीने दोन धंदे एकाच दावणीला बांधले. वाडीबंदरला वीजघर काढलं. ती वीज ट्रामला लागायचीच, आणि दुकानांना, घरांना विकायचीही. आमच्या गटातही एकीची शिलाई मशीन आणि पापडाचा धंदा एकाच वहीत चालतो. एक महिना पापड बसला तर मशीन सांभाळून घेते. ही गोष्ट मनात ठेवा, शेवटी कामाला येईल.

७ मे १९०७ रोजी संध्याकाळी महापालिकेच्या इमारतीपासून पहिली विजेची ट्राम सजवून क्रॉफर्ड मार्केटकडे निघाली. घोडे नाहीत, इंजिन नाही, धूर नाही. डोक्यावर तार. गाडीच्या टपावर एक लांब दांडा, त्याचं टोक तारेला टेकलेलं. तारेतून वीज दांड्यातून खाली मोटरीत यायची, मोटर चाक फिरवायची, आणि वीज चाकातून रुळात उतरून परत जायची. म्हणजे रूळ हीच परतीची तार. ड्रायव्हर समोर उभा राहून एक हँडल फिरवायचा आणि पायाने घंटा वाजवायचा. शेवटच्या थांब्यावर गाडी वळवायचीही गरज नव्हती. दोन्ही टोकांना हँडल असायचं. टपावरचा दांडा फिरवायचा, ड्रायव्हरने या टोकावरून त्या टोकाला जायचं, की निघाली परत. आजींना ही गंमत अजून आठवते. त्या म्हणतात, "गाडीचं तोंड कोणतं अन् शेपूट कोणतं तेच समजे ना."

उभी असताना ही गाडी काही खात नाही. चालली तरच वीज लागते. तबेला गेला, चंदी गेली, घोडा बदलायचा वेळ गेला. १९२० मध्ये तर दुमजली ट्राम आली. तेवढ्याच ड्रायव्हर-कंडक्टरच्या पगारात जवळजवळ दुप्पट माणसं. पुढे मुंबईची ट्राम एका आण्याचीच म्हणून ओळखली गेली. एकदा चढलं की हवं तिथं उतरा, असं जुने मुंबईकर अजून सांगतात.

या स्वस्त गाडीने शहर लांब ताणलं. दादर, माटुंगा हे तेव्हा शहराच्या बाहेरचे भाग, शेजारचं गाव म्हणावं तसे. कामाच्या जागेजवळच खोपटं करून राहायची सक्ती सुटली. माणूस दादरला राहून बोरीबंदरला कामाला जाऊ लागला. दादरला जिथे ट्रामचा शेवटचा थांबा होता, त्या चौकाला आजही 'दादर टी.टी.' म्हणतात. ट्राम टर्मिनस. ट्राम जाऊन साठ वर्षं झाली, पण टॅक्सीवाल्याला टी.टी. म्हटलं की तो बरोबर नेतो.

परळ, लालबाग हा गिरण्यांचा भाग. खामगावच्या बाजारात विकलेला कापूस गाठी होऊन जलंबवरून रेल्वेने मुंबईला जायचा. तिथे गिरणीत त्याचं सूत व्हायचं आणि ते गुंडाळण्याच्या खात्यात बायाच जास्त. सकाळी भोंग्याला त्या बहुतेक पायीच जायच्या, कारण चाळ गिरणीजवळ. पण आजींच्या आईला ट्राम लागायची ती सणाच्या बाजाराला, केईएम दवाखान्याला आणि वर्षातून एकदा गिरगावच्या बहिणीकडे जायला. "माय म्हणे, एक आणा हाय तं जाऊ, नाही तं चालत जाऊ. पण मले कडेवर घेऊन चालणं लय जड जाय." आम्हाला हे ऐकून आपलीच गोष्ट वाटली. हाफ तिकीट आल्यावर आमच्या गटात पहिला फरक पडला तो दवाखान्यात जाण्यात. दुखणं अंगावर काढणं जरा कमी झालं.

इथवर जमेची बाजू. आता एक खर्च असा आहे, जो कंपनीच्या वहीत कुठेच सापडणार नाही.

सुरुवातीला वीज कोळसा जाळून होत होती. पण मुंबईला स्वस्त वीज हवी होती, गिरण्यांना तर फारच. टाटांनी लोणावळ्याकडे घाटमाथ्यावर पाणी अडवलं, ते मोठ्या नळांतून खाली खोपोलीला सोडलं आणि १९१५ मध्ये त्या पाण्यावरची वीज मुंबईच्या गिरण्यांना मिळू लागली. पुढे ट्रामच्या कंपनीनेही आपलं वीजघर बाजूला ठेवून टाटांकडून वीज घ्यायला सुरुवात केली. मागणी वाढली तसं आणखी पाणी हवं झालं. मग पुणे जिल्ह्यातल्या मुळशी पेट्यात, मुळा आणि निळा या नद्यांच्या संगमावर, धरण बांधायचं ठरलं. पन्नासच्या आसपास गावं पाण्याखाली जाणार होती. भाताची उत्तम जमीन. तिथला आंबेमोहोर नावाजलेला.

मावळच्या शेतकऱ्यांनी नकार दिला. १९२१ च्या रामनवमीला सत्याग्रह सुरू झाला. पांडुरंग महादेव बापट त्याचे पुढारी होते, आणि याच लढ्यापासून लोक त्यांना 'सेनापती' म्हणू लागले. बायाही सत्याग्रहात उतरल्या. धरणाच्या कामावर जाऊन त्यांनी काम अडवलं. हा लढा तीन वर्षं चालला. पण त्यात एक फूट होती. जमीन कसणारे मावळे म्हणत होते, आम्हाला जमीन हवी. पण बऱ्याच जमिनींची कागदं पुण्याच्या सावकारांकडे होती, आणि त्यांना मोबदला चालत होता. कसणाऱ्याचा हात आणि कागदावरचं नाव वेगळं असलं की असं होतं. आमच्या गटातल्या अकरा जणींपैकी फक्त दोघींचं नाव सातबाऱ्यावर आहे, हे आम्ही त्याच दिवशी मोजलं.

सत्याग्रह मोडला. बापट तुरुंगात गेले. १९२७ मध्ये धरण पूर्ण झालं आणि मुळशीची वीजही तारेवरून मुंबईला आली. गिरण्यांत गेली, दिव्यांत गेली, १९२५ मध्ये बोरीबंदर ते कुर्ला जी देशातली पहिली विजेची आगगाडी धावली, तसल्या गाड्यांत गेली आणि ट्रामच्या डोक्यावरच्या तारेतही गेली. म्हणजे आजींच्या आईचा एक आणा खरा, पण त्या तिकिटाचा काही भाग मुळशीच्या बायांनी भरला होता. दोघींची कधी गाठ पडली नाही. आम्ही हे आजींना सांगितलं, तर त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "मले काय मालूम बाई, आम्ही तं नुसती तार पाहो." आपल्या भागातही वानचं धरण आहे, त्याचं पाणी आपण पितो, आणि त्या पाण्याखाली कुणाचं शिवार गेलं हे आमच्यातल्या फार थोड्या जणींना सांगता आलं. त्यावर एकदा वेगळं बोलायला हवं.

ट्राम बंद कशी झाली ते आता सांगतो. टपरीवरच्या मंडळींनी हे जरूर ऐकावं.

१९२६ मध्ये याच कंपनीने मुंबईत मोटारबस सुरू केली. बस रुळाला बांधलेली नसते. रस्त्यात बैलगाडी अडली तर बस बाजूने निघते, ट्राम मात्र उभी राहते आणि तिच्यामागे ट्रामची रांग लागते. ट्राम रस्त्याच्या मध्यातून चालायची, त्यामुळे उतरणाऱ्याला गाड्यांच्या गर्दीत पाय टाकावा लागायचा. मोटारी वाढल्या तसतशी ट्राम त्यांना अडचण वाटू लागली. ७ ऑगस्ट १९४७ ला, स्वातंत्र्याच्या आठवडाभर आधी, महापालिकेने कंपनी ताब्यात घेतली. तेव्हा बराच माल जुना झालेला होता. नवे रूळ, नव्या गाड्या यांवर पैसा घालायचा की बसवर? महापालिकेने बस निवडली. १९५३ पासून एकेक मार्ग बंद होत गेला. ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदरहून दादरला शेवटची ट्राम गेली. ती बघायला आणि तिच्यात बसायला तुफान गर्दी झाली होती. आजी तेव्हा इकडे सासरी होत्या, त्यांना ही बातमी कितीतरी महिन्यांनी माहेरच्या पत्रातून कळली.

आमचं स्वतःचं मत विचाराल तर ट्राम एक आण्यामुळे मेली नाही. तिच्यावर नवा पैसा घालायचा नाही असं ठरलं, आणि रस्त्यावर मोटारवाल्याचा हक्क आधी धरला गेला, म्हणून ती गेली. युरोपातल्या कितीतरी शहरांनी ट्राम ठेवल्या, नव्या केल्या, त्या आजही चालतात. आपल्याकडे कलकत्त्यात तेवढी थोडीशी उरली आहे.

आणि आता ती शिलाई मशीन आणि पापडाची गोष्ट. ट्राम गेली तरी बेस्टचे दोन धंदे एकाच दावणीला राहिले. बसमध्ये तूट यायची आणि विजेत चार पैसे सुटायचे. कितीतरी वर्षं बेस्टने विजेच्या उत्पन्नातून बसची तूट भरली. म्हणून गरीब माणसाला मुंबईत कमी पैशात फिरता आलं. म्हणजे स्वस्त तिकिटाची तूट कुणीतरी भरतंच. ती ठरवून, वहीत लिहून भरता येते. मुळशीसारखी न लिहिताही भरून घेता येते.

आपल्या हाफ तिकिटाचंही तसंच आहे. उरलेलं अर्धं तिकीट कंडक्टर सोडून देत नाही. ते सरकारने एसटीला द्यायचं असतं, तसा नियमच आहे. सरकारचा पैसा म्हणजे आपण तेल घेतो, साबण घेतो, काडेपेटी घेतो, त्यावर भरलेला कर. तेव्हा पुढच्या वेळी टपरीवरून कुणी म्हणालं की बाया फुकट फिरतात, तर त्याला विचारा, सरकारकडून एसटीला द्यायचे पैसे वेळेवर पोचले का? दिवाळं निघायचंच असेल तर ते तिथून निघेल. आमच्या सचिवताई म्हणतात, प्रश्न विचारताना आवाज चढवायचा नाही, फक्त वही उघडून बसायचं.

ज्या मैत्रिणी कधी मुंबईला जातील त्यांनी शीवजवळ बेस्टचं आणिक आगार आहे तिथलं छोटं संग्रहालय बघावं. जुन्या ट्रामच्या, तिकिटांच्या खुणा तिथे जपल्या आहेत. आजींना घेऊन जायचा आमचा बेत आहे, पण त्यांचे गुडघे काय म्हणतात त्यावर ठरेल.

पुढच्या वेळी जवळचीच गोष्ट सांगू. जलंबपासून खामगावपर्यंत कापसासाठी टाकलेली छोटी लाइन, जी १८७० मध्ये सुरू झाली आणि अजून चालते. तुमच्यापैकी कुणी त्या गाडीतून शाळेला किंवा माहेराला गेलं असेल, कुणाच्या ट्रंकेत जुनं पुठ्ठ्याचं तिकीट असेल, तर गटाच्या बैठकीत घेऊन या. वरवट बकाल, टुनकी, सोनाळा, पातुर्ड्याच्या गटांनी आपल्या गावातल्या एकेका आजीला जरूर विचारून ठेवा.